महालेखक रांगेत

महालेखकाचा जन्म कतारमधल्या अल खोर ते दोहा या रस्त्यावर झाला, आणि त्याचं कारण अगदी साधं होतं: मुलीला गाडी लागायची. शुक्रवारी आम्ही भाजी, मासे आणि आठवड्याचं सामान आणायला दोह्याला जायचो. रस्ता सरळ, गुळगुळीत, दोन्ही बाजूंना एकाच रंगाची वाळू. उलटी व्हायला काही निमित्त नसलेला रस्ता. तरी समैस्माचा फाटा येईपर्यंत मुलीचा चेहरा पांढरा पडायचा आणि बायको पर्समधली प्लास्टिकची पिशवी काढून तयार राहायची. एकदा मी सहज एक गोष्ट सुरू केली आणि पिशवी कोरडी घरी आली. तेव्हापासून गोष्ट हे आमच्या घरातलं एक औषध झालं. ती गाडीतच सांगायची, घरी नाही, असं बायकोने ठरवून टाकलं. औषध उगाच घेऊ नये.

गोष्टीतल्या राज्याला नाव नव्हतं. नाव दिलं असतं तर मुलीने ते दर शुक्रवारी तपासलं असतं, आणि माझ्या ते लक्षात राहिलं नसतं. तिथे एक महालेखक होता. तो संध्याकाळी जे लिहील ते सकाळपर्यंत खरं व्हायचं. ‘विहिरीला पाणी लागलं’ असं लिहिलं की विहिरीला पाणी. ‘डोंगरापलीकडचा राक्षस दमला आणि खाली बसला’ असं लिहिलं की राक्षस सकाळी बसलेला सापडायचा. अशा माणसाचं लोक काय करतात ते आपल्याला माहीत आहे. ते त्याला पायी चालू देत नाहीत. एक माणूस त्याची दौत धरायला, एक छत्री धरायला, एक ‘महालेखक लेखणी बुडवताहेत हो!’ अशी ललकारी द्यायला, आणि एक त्याच्या वतीने शिंकायला, कारण लिहिता लिहिता त्यालाच शिंक आली तर अक्षर हलून कुठलं तरी गाव उलटंपालटं व्हायचं. वाढदिवसाला त्याचा सत्कार, लेखणीच्या वाढदिवसाला लेखणीचा सत्कार. सत्कार करणाऱ्यांचा पुढच्या आठवड्यात सत्कार.

ही माहिती मी कल्पनेतून काढलेली नव्हती. आमच्या इथल्या मराठी मंडळाला एक अध्यक्ष होते. आवाज भरदार, बोलणं स्टेजवरचं, मग समोर हजार माणसं असोत की चहाचा कप. मंडळाच्या प्रत्येक कार्यक्रमात पहिला तास शाली फिरत. बाहेर अंगाची लाही होत असताना आत माणसं एकमेकांच्या खांद्यावर शाली घालत. एका गणपतीत मी याच विषयावर एक विनोदी लेख वाचला. लोक खुर्च्यांवरून घसरेपर्यंत हसले. अध्यक्ष पहिल्या रांगेत, अंगावर शाल, सगळ्यांत शेवटी हसले. त्यानंतर मी मंडळाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपमधून बाहेर पडलो. तत्त्व म्हणून. शिवाय त्या ग्रुपवर पहाटेपासून फुलं यायची.

मी रास लफ्फानच्या एका कंपनीत कागदपत्रं सांभाळतो. कुठल्या पाइपचा कुठला नकाशा, त्याची कितवी आवृत्ती, ती कोणाकडे आहे. म्हणजे मीही लेखकच, पण माझं लिहिलेलं कधीच खरं होत नाही. आमच्या बेडरूमचा एसी गळतो. त्याची तक्रार मी क्वार्टर्सच्या मेंटेनन्सला उत्तमोत्तम भाषेत लिहून पाहिली. उत्तर ठरलेलं: टेक्निशियन येईल, इन्शाल्ला. एसीखाली आम्ही एक निळी बादली ठेवली होती. रोज सकाळी बायको ती ओतायची आणि माझ्याकडे बघायची.

गोष्टीतला कायदा तिनेच केला. एका शुक्रवारी मी राक्षसाला तिसऱ्यांदा बसवत होतो, तेव्हा ती पुढच्या सीटवरून म्हणाली, “अहो, हा सगळंच लिहून मिळवतो. मग गोष्ट कसली? भीती कुठंय?”

“मग काय करू?”

“त्याला स्वतःच्या घरचं काही लिहिता येऊ नये. लिहिलं तर शाई उडून जाईल. कागद कोरा.”

मुलगी मागून ओरडली, “येस! दॅट्स द रूल!” ती मराठी सगळं समजते, उत्तर इंग्रजीत देते. शाळेने तिला दिलेली ही देणगी आहे.

तेव्हापासून गोष्टीत जीव आला. साऱ्या राज्यावर पाऊस पाडणाऱ्या माणसाचं स्वतःचं छप्पर गळायला लागलं. त्याच्या मुलाला ताप आला तर त्याच्या बायकोला काढा करावा लागे. ती बायको माझ्या बायकोने पूर्णपणे ताब्यात घेतली. तिचे संवाद तीच म्हणायची. “राज्यभर पाऊस पाडता, ते राहू द्या. आधी वर चढा आणि कौल बदला.” यावर मुलगी इतकी हसायची की मला आरशात तिच्या जिभेखालचं दिसायचं.

आता मला त्या सुट्टीबद्दल सांगायला हवं. आखातातली मराठी माणसं आजारी पडत नाहीत, आजार साठवतात. दात दुखतो, सुट्टीत बघू. डोळ्यांचा नंबर वाढलाय, सुट्टीत. गुडघा, मूळव्याध, गर्भाशयातली गाठ, सगळं जुलैत. गावी आपला डॉक्टर असतो, आपल्या भाषेत ओरडतो, आणि आई डबा घेऊन दवाखान्यात येते. इथे सरकारी हॉस्पिटल चांगलं आहे, स्वस्त आहे, पण आजार गावी नेऊन उघडावा अशी आमच्यातली रीतच आहे, जशी बॅग गावी नेऊन उघडतात. बायकोला गाठ आहे हे आम्हाला मागच्या सुट्टीत कळलं होतं. रक्तस्राव वाढला तसं तिने ऑपरेशन पुढच्या सुट्टीवर टाकलं. तिची वहिनी येऊन राहणार होती, तारीख ठरली होती. ती लोहाच्या गोळ्या घ्यायची आणि कॅलेंडर बघायची.

मेमध्ये ती शिकवते त्या बालवाडीत, मुलांना रांगेत उभं करताना खाली कोसळली.

दोह्याच्या हॉस्पिटलात पोचेपर्यंत ती कागदासारखी झाली होती. डॉक्टरीणबाई सुदानच्या होत्या, शांत आणि थकलेल्या. म्हणाल्या, रक्त द्यायला हवं, मग ऑपरेशन. मी निर्धास्तपणे सांगितलं, ओ पॉझिटिव्ह. आम्हाला त्याचा जरा अभिमानच होता. ओ म्हणजे कोणालाही देणारी. तिने स्वतः कधी रक्तदान केलं नव्हतं, कारण हिमोग्लोबिन कधी पुरेसं भरलंच नाही, पण देणारी.

मग ब्लड बँकेतून एक मल्याळी बाई वर आल्या. माझ्याजवळ येऊन हिंदीत विचारलं, “आप लोग बॉम्बे के हैं?”

मला वाटलं ओळख काढताहेत. म्हटलं, “नाही, मी सांगलीचा, ती अलिबागची.”

“नहीं सर. ब्लड.”

त्यांनी मला समजावून सांगितलं. साध्या तपासणीत तिचं रक्त ओ दिसतं, पण ते ओ नाही. ओ मध्येही जो एक घटक असतो तो तिच्या रक्तात नाही. त्यामुळे जगातलं कुठलंही ओ तिला दिलं तर तिचं शरीर त्याला शत्रू समजून फोडून टाकेल. याला बॉम्बे ग्रुप म्हणतात, कारण तो पहिल्यांदा तिथे सापडला. तिला फक्त तसल्याच माणसाचं रक्त चालेल. तसली माणसं फार विरळा. कतारमध्ये त्यांच्या नोंदीतले जे होते त्यातला एक देश सोडून गेला होता आणि दुसऱ्याने नुकतंच रक्त दिलं होतं.

“तर मग?” मी विचारलं.

“शोधिए,” त्या म्हणाल्या.

औषधांनी रक्तस्राव कमी केला होता, थांबला नव्हता. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, पुन्हा वाढला तर ऑपरेशन करावंच लागेल, आणि रक्ताशिवाय टेबलावर घेणं... हे वाक्य त्यांनी पुरं केलं नाही. भारतातून रक्त मागवायची प्रक्रिया सुरू झाली होती. प्रक्रिया हा शब्द मला ठाऊक आहे. माझं पोट त्याच्यावर चालतं. तिच्या भावाने अलिबागला तपासून घेतलं; सख्ख्या भावंडांत जुळण्याची शक्यता असते म्हणे. त्याचं साधं ओ निघालं. फोनवर तो रडला, आपण साधे निघालो म्हणून.

मी दिवसा हॉस्पिटलात, दुपारी अल खोरला जाऊन मुलीला शाळेतून घ्यायचो आणि तिला घेऊन परत दोह्याला यायचो. वर मुलांना सोडत नसत. ती खाली लॉबीत बसायची आणि त्याच इमारतीतल्या आईला व्हिडिओ कॉल करायची. बायको फोन छातीवर टेकवून बोलायची, म्हणून मुलीला बहुतेक वेळ आईची हनुवटीच दिसायची. बोलणं थोडंच. “डब्यात काय नेलंस?” “चीज सँडविच.” “रोज चीज?” मग दम लागायचा.

गाडीत मुलीने पहिल्याच दिवशी गोष्ट मागितली. मी म्हटलं, आज नको. दुसऱ्या दिवशी ती आपली आपण सुरू झाली.

“बाबा, महालेखकाची वाइफ सिक झाली तर?”

मी समोर बघत राहिलो. ट्रक होता.

“ही कॅन राइट की ती बरी झाली.”

“घरचं लिहिता येत नाही. शाई उडते.”

“मग नाव नाही लिहायचं. फक्त लिहायचं, वन लेडी. यलो दुपट्टावाली.”

“शाईला कळतं.”

“हाऊ?”

“शाई आहे ती. तिला सगळं कळतं.”

“दॅट्स नॉट फेअर.”

“तुझ्या आईने केलेला कायदा आहे,” मी म्हटलं, आणि लगेच वाटलं की बोलायला नको होतं.  कायदा मोडायचा तर आईचा मोडायचा. ते तिला शक्य नव्हतं. मी आरशात पाहिलं तर ती खिडकीबाहेर बघत होती आणि तिचा चेहरा पांढरा पडत चालला होता. प्लास्टिकची पिशवी पर्समध्ये होती, आणि पर्स हॉस्पिटलात.

समैस्माचा फाटा गेल्यावर ती म्हणाली, “पण दुसरं कोणीतरी लिहू शकतं ना? ही कान्ट राइट फॉर हिज हाउस. समबडी एल्स कॅन.”

“दुसरं कोण? महालेखक एकच आहे.”

“तो बाजारातला.”

तो मी विसरलो होतो. खूप पूर्वी एका शुक्रवारी मी बाजारात बसणारा एक लिहिणारा घातला होता, केवळ हशा मिळवायला. ढोलकीएवढं पोट, काजळाची शाई, करंगळीने लिहितो. धोबिणींची, नावाड्यांची कामं करतो. त्याचं लिहिलेलं खरं व्हायचं, पण वाकडं: ‘बकरी सापडली’ लिहिलं तर बकरी सापडायची, छपरावर. महालेखकाने भर दरबारात त्याची नक्कल केली होती आणि दरबार हसून लोळला होता.

“महालेखक त्याच्याकडे कसा जाईल? त्याने त्याची थट्टा केलेली आहे.”

“सो व्हॉट? ही विल से सॉरी. आणि तिथे लाइन असते. तुम्हीच सांगितलं होतं.”

“त्याला रांग माहीत नाही.”

“देन ही विल लर्न,” मुलगी म्हणाली. तिची आई अशीच बोलते.

हॉस्पिटलच्या पार्किंगमध्ये तिला पाण्याची बाटली दिली आणि मी गाडीबाहेर उभा राहून अध्यक्षांना फोन लावला. सांगण्यासारखं एवढंच की नंबर माझ्याकडे होता. रागाने माणूस ग्रुप सोडतो, नंबर पुसत नाही. मंडळावर माझा राग असो, पण दोह्याच्या नजमा भागातल्या बॅचलर खोल्यांपासून वसईकरांच्या चर्चच्या ग्रुपपर्यंत आणि रत्नागिरी-रायगडच्या मुसलमान मंडळींच्या जमातीपर्यंत एकाच माणसाचा शब्द पोचतो हे सगळ्यांना ठाऊक होतं. मयत गावी पाठवायची असो की क्रिकेटची टीम जमवायची.

“बोला, लेखक महाशय,” तिकडून भरदार आवाज आला. “आज गरिबाची आठवण?”

मी सांगितलं. वाक्यं नीट लागेनात. मध्ये मी ‘कृपया’ हा शब्द वापरला, जो मी एरवी फक्त मेंटेनन्सला लिहितो.

 तिकडून तोच आवाज, पण स्टेज गेलेलं. “परत सांगा. सावकाश. लिहून घेतो. ओ दिसतं, पण ओ नाही?”

“नाही.”

“लोकांना हे कळणार नाही. ओ घेऊन धावत येतील. तुम्ही लिहून पाठवा. तुमच्याइतकं चांगलं कोण लिहितं?” यात टोमणा असावा. असला तरी तो मी घेतला.

मी लॉबीत बसून लिहिलं. घटक म्हणजे काय, ओ का चालत नाही, कोणी यावं, कोणी येऊ नये. मुद्देसूद, एकही शब्द जास्त नाही. अध्यक्षांनी ते सगळीकडे पाठवलं. आणि त्या संध्याकाळी रक्तपेढीच्या दाराशी ओ वाल्यांची रांग लागली. ऑफिसातून टाय लावून आलेले, साइटवरून बुटांसकट आलेले, वसईची एक नर्स स्वतःची ड्यूटी संपवून आलेली. सगळे ओ. प्रत्येकाला वाटत होतं की आपलं तरी चालेल. मी दारात उभा राहून त्यांना परत पाठवत होतो. “पण माझं ओ निगेटिव्ह आहे,” एकजण म्हणाला, जणू खिशातली चांगली नोट दाखवतोय. इतकी चांगली माणसं एका जागी मी कतारमध्ये कधी पाहिली नव्हती, आणि त्यातलं एकही उपयोगाचं नव्हतं. वर रक्तस्राव पुन्हा वाढला होता.

अध्यक्षांचा फोन आला. “तुमचा मेसेज वाचला. भाषा उत्तम. पण शेवटपर्यंत कोणी वाचला नाही, साहेब. रक्त आणि ओ एवढंच वाचून निघाले.”

“मग आता?”

“मला सांगा, ज्याचं रक्त असं असेल त्याला स्वतःला माहीत असतं का?”

“बहुतेक नाही. ओ च समजत असेल.”

“म्हणजे ग्रुप विचारून उपयोग नाही. पण त्याला कधीतरी कोणी परत पाठवलं असेल ना? कॅम्पमध्ये वगैरे? ‘तुझं रक्त काहीतरी निराळं आहे’ म्हणून?”

 हा प्रश्न मला सुचायला हवा होता. सुचला नव्हता.

“आणि लिहायचं नाही,” ते म्हणाले. “नजमातली पोरं दमून येतात, वाचत नाहीत. ऐकतात.”

त्यांनी स्वतःच्या आवाजात निरोप रेकॉर्ड केला. तो माझ्याकडेही आला. सुरुवातीला ‘सुस्वागतम्’ होतं, सवय. पुढे ‘आपली एक भगिनी’, पुढे ‘मायमराठीच्या लेकरांनो’. एरवी मी इथे थांबलो असतो. आणि मग, सगळ्या फुलोऱ्याच्या मधोमध, साधं वाक्य: “तुमच्यापैकी कोणाला कधी रक्तपेढीने परत पाठवलंय का, की तुझं रक्त विचित्र आहे म्हणून? लाजू नका. मला फोन करा. यल्ला, चला लवकर.” तोच निरोप पुन्हा हिंदीत. मी तो लॉबीत कानाला लावून तीनदा ऐकला. मुलगी म्हणाली, “ही साउंड्स लाइक द ललकारी मॅन.” खरं होतं.

दुसऱ्या दिवशी डॉक्टरीणबाईंनी सांगितलं की संध्याकाळच्या पुढे थांबता येणार नाही. रक्त मिळो न मिळो. त्यांनी नजर माझ्यावरून न हलवता सांगितलं आणि मला त्यांचा आदर वाटला. मी वर गेलो. बायको जागी होती. ओठ आणि उशीचा अभ्रा एकाच रंगाचे.

“सापडलं का कोणी?” तिने विचारलं.

“शोधताहेत. अध्यक्ष.”

“कोण, शालवाले?” ती हसण्याचा प्रयत्न करून थकली. मग म्हणाली, “तिला एकटीला लॉबीत ठेवू नका. थंडी असते तिथे.” पुढे काही वेळाने, डोळे मिटून: “सुट्टी कधी लागते?”

खाली आलो तर मुलगी जिन्याजवळ उभी. “तो लाइनमध्ये उभा राहिला का?” तिने विचारलं. तिला गोष्टीतलं विचारायचं होतं की बाहेरचं, ते मला समजलं नाही. गाडीबाहेर गोष्ट सांगायची नाही हा नियम होता. मी तिच्याबरोबर लॉबीतल्या खुर्चीवर बसलो आणि सांगायला लागलो.

महालेखक निघाला. पालखी बाजारात शिरेना, गल्ली अरुंद. उतरला. छत्रीवाला रांगेत मावेना, त्याला मागे ठेवला. ललकारीवाल्याने तोंड उघडलं तशी एक धोबीण म्हणाली, “गप रे, इथे पोरं झोपलीत.” महालेखकाच्या पुढे एक नावाडी होता, त्याच्या पुढे बकरीवाली, तीच, पुन्हा. ऊन होतं. त्याला शिंक आली आणि शिंकायला माणूस नव्हता, म्हणून तो स्वतःच शिंकला. काही उलटं झालं नाही. त्याचा नंबर आला. बाजारातल्याने वर न बघता करंगळी काजळात बुडवली आणि विचारलं, “काय लिहू?”

“आणि?” मुलगी म्हणाली.

आणि मला पुढे येईना. ‘बायको बरी झाली’ असं लिहून घ्यावं, तर बाजारातल्याचं लिहिलेलं वाकडं खरं होतं, बकरी छपरावर. बरी झाली म्हणजे कशी, कुठे, कोणासाठी? चुकीचं वाक्य सांगितलं तर? मी तिथे बसलो होतो, आयुष्यभर दुसऱ्यांच्या वाक्यांना हसलेला माणूस, आणि मला भरवशाचं एक वाक्य सांगता येत नव्हतं. 

“सांगा ना, बाबा. लोक थांबलेत मागे.”

“त्याने सांगितलं,” मी शेवटी म्हणालो, “लिही. बायको घरी आली आणि म्हणाली, कौल अजून बदललं नाही?”

मुलीने विचार केला. “ओके,” ती म्हणाली. “दॅट कान्ट गो राँग.”

फोन वाजला. अध्यक्ष होते, रस्त्यावरच्या आवाजात. “एक मिळालाय. मिळालाय म्हणजे, तपासायचं बाकी आहे. घेऊन येतोय.”

तो नजमातल्या एका दुकानात अरबांचे पांढरे झगे शिवणारा शिंपी होता. श्रीवर्धनकडचा, पन्नाशीचा, बोटाला अजून शिवणकामाचं टोपण घातलेलं. अध्यक्षांनी त्याला दुकानातून उचलून तसाच आणला होता. मला सलाम करून म्हणाला, “मला मुंबईत एकदा कॅम्पवाल्यांनी परत पाठवलेलं. बोलले, चाचा, तुमचं रक्त कोणाला चालायचं नाय. तेव्हापासून खोलीवरची पोरं मला चिडवतात, खराब माल म्हणून.” मग खाली बघत: “रात्री त्या पोरांनीच मला तो आवाज ऐकवला. बोलले, चाचा, हे तर तुमचंच गाणं.”

तपासणीला वेळ लागला. तो वेळ मी कसा काढला ते मला आठवत नाही. अध्यक्ष माझ्या शेजारी बसले होते. मी त्यांना काहीतरी बोलायला हवं होतं. त्यांनीच सुरुवात केली. “तुमचा तो लेख,” ते म्हणाले, “शालीवरचा. चांगला होता. शेवट जरा लांबला.” मी म्हटलं, खरं आहे.

मल्याळी बाई आल्या आणि दुरूनच अंगठा वर केला. एक पिशवी. डॉक्टरीणबाईंना दोन हव्या होत्या. त्या एकीवर निघाल्या. दार बंद झालं. मुलगी माझ्या मांडीवर डोकं ठेवून झोपली आणि मी पहिल्यांदा तिच्या आईला उद्देशून, मनात, विनवणी केली. देवाला उद्देशून करायला हवी होती, पण त्याची आणि माझी ओळख कमी.

ऑपरेशन पार पडलं. पुढे ताप आला, तो गेला, पुन्हा आला. त्या दिवसांबद्दल लिहिण्यासारखं काही नाही. सगळे दिवस दाराच्या बाहेरचे होते.

दरम्यान अध्यक्षांनी शिंप्याचा सत्कार ठरवला, अर्थात. मानपत्र लिहायला मला सांगितलं. मी लिहिलं. त्यात ‘रक्ताचं नातं’ होतं, ‘मायमराठी’ होती, दोन ठिकाणी ‘थोर’ होतं, आणि एकही शब्द मला खोटा वाटला नाही. पण सत्कारमूर्ती आले नाहीत. ईद जवळ आली होती, दुकानात झग्यांची गर्दी. मग शाल आणि मानपत्र घेऊन अध्यक्ष आणि मी नजमाला त्याच्या खोलीवर गेलो. त्याने शाल उलटून शिवण बघितली, किनारीला नख लावलं आणि म्हणाला, “चांगली आहे. हा एसी वरच्या बाजेवरच्या पोराच्या हातात असतो, रात्रभर बर्फ पाडतो.” आणि ती तिथेच, आमच्यासमोर, पायांवर घेतली. मानपत्र त्याने भिंतीला टेकवून ठेवलं. इतक्या वर्षांत कामाला आलेली शाल मी पहिल्यांदा पाहिली.

बायकोला घरी आणलं तेव्हा मुलगी आमच्या पुढे धावत बेडरूममध्ये गेली आणि निळ्या बादलीशेजारी उभी राहिली. मी काय चाललंय ते ओळखलं. बायको भिंतीला धरत आत आली, पलंगावर बसली आणि म्हणाली, “पाणी.” प्यायली, आडवी झाली आणि झोपली.

मुलगी तिथेच उभी. “शी डिडन्ट से इट,” ती मला पुटपुटत म्हणाली. मी म्हटलं, दमली आहे. पण मलाही धस्स झालं, हे कबूल. बाजारातल्याचं काम वाकडं. पाणी टपटप बादलीत पडत होतं आणि आम्ही दोघं पलंगाकडे बघत होतो, तिची छाती वरखाली होतेय का ते. तिसऱ्या दिवशीही ती म्हणाली नाही, चौथ्या दिवशीही. पाणी, औषध, पडदा लाव. मुलीने बादली मुद्दाम ओतली नव्हती आणि मला ओतू देत नव्हती. ती भरत आली होती.

शेवटी एका सकाळी बायको स्वतः उठून बाथरूमला निघाली आणि तिचा पाय भरलेल्या बादलीला लागला. पाणी सगळ्या खोलीभर. ती भिंतीला टेकून उभी, पाऊल ओलं, केस विस्कटलेले. आमच्याकडे बघून तिने श्वास घेतला.

“अहो,” ती म्हणाली, “मी मरता मरता परत आले, आणि हा एसी अजून तसाच?”

मुलगी इतक्या जोरात ओरडली की शेजारच्यांनी भिंत वाजवली. बायकोला काही कळेना. मी फडकं आणायला गेलो आणि बराच वेळ स्वयंपाकघरातच थांबलो.